बाबांचं वर्षश्राद्ध आणि कॅमेऱ्याचा ड्रायव्हर

वडिलांच्या वर्षश्राद्धाच्या दिवशी मी ज्या आंघोळी केल्या, त्यांतली पहिली धर्मासाठी होती. बाकीच्या सगळ्या कॅमेऱ्याच्या ड्रायव्हरसाठी.

हा ड्रायव्हर म्हणजे गाडी चालवणारा नव्हे. कॉम्प्युटरला जी जी वस्तू जोडाल, तिची भाषा त्याला समजावून सांगणारा एक दुभाषा आत बसलेला असतो, तो हा. प्रिंटरचा वेगळा, आवाजाचा वेगळा, कॅमेऱ्याचा वेगळा. तो नीट असला की तो आहे हे कोणाला कळतही नाही. (घरातल्या काही माणसांचंही असंच असतं. ती गेल्यावर कळतं.)

माझे वडील भोसरीच्या एका कारखान्यात टूलरूममध्ये होते. निवृत्त झाल्यावर त्यांनी कॉम्प्युटर घेतला आणि त्याच्याशी ते लेथ मशीनशी वागावं तसे वागले. वापरण्याआधी पुसायचा, वापरून झाल्यावर झाकायचा, पंख्याचा आवाज बदलला तर कान लावून ऐकायचं आणि मान हलवायची. त्या कॉम्प्युटरचं खरं काम आठवड्यातून एकदाच असे. दर रविवारी दुपारी माझी धाकटी बहीण अनू जर्मनीहून बोलायची. बाबा इस्त्रीचा शर्ट घालून समोर बसायचे, मागे पाटावर आई, बाजूला मी आणि माझी बायको मेधा. पडद्याच्या डोक्यावर कॅमेरा होता. तिथून आमचा सगळा हॉल दिसायचा, पार देवघराच्या कोपऱ्यापर्यंत.

बाबा गेले तेव्हा अनू निघाली होती. पण तिकडे बर्फ पडलं, विमानं उडाली नाहीत, आणि इकडचं सगळं तिने विमानतळाच्या बाकावर बसून फोनवर ऐकलं. या वर्षी तिला रजा मिळाली नाही. म्हणून वर्षश्राद्धाच्या आदल्या आठवड्यात तिने मला एकच गोष्ट मागितली.

"दादा, फोनवरून नको हं. फोन धरणारा हलतो, बोटं मध्ये येतात. बाबांच्या कॉम्प्युटरवरून लाव. मला रविवारसारखं बसायचंय."

"झालंच समज," मी म्हणालो.

'झालंच समज' असं म्हटल्यावर आमच्या घरात आजवर एकही गोष्ट झालेली नाही. पण मी ताथवड्याच्या एका इंजिनिअरिंग कॉलेजात ग्रंथपाल आहे. चहूबाजूंनी अभियंते असताना मी मध्ये बसून पुस्तकांवर आकडे घालतो, आणि एवढ्यावरून नातेवाइकांत 'श्रीकांतला कॉम्प्युटरमधलं कळतं' असा समज पसरला आहे. तो मी कधी खोडला नाही. खोटं कशाला बोलू, बरं वाटायचं!

श्राद्धाच्या आदल्या दिवशी मेधाने हॉल धुऊन काढला. त्यासाठी टेबल ओढलं, वायरी सुटल्या, संध्याकाळी तिने सगळ्या परत लावल्या. कॅमेऱ्याची तेवढी राहिली. सकाळी आंघोळ करून, सोवळं नेसून, गुरुजींची वाट बघत मी म्हटलं, चला, हे आपण करून टाकू. कॅमेऱ्याची वायर नेहमी मागच्या बाजूला असायची. पण मागे भिंत होती, पोटऱ्यांवर सोवळं होतं, वाकता येईना. समोर तशीच दोन भोकं दिसत होती. मी त्यातल्या एकात वायर घातली. जरा घट्ट गेली. मी जोर लावला.

पडद्यावर पाटी आली : 'यूएसबी डिव्हाइस नॉट रेकग्नाइझ्ड.'

म्हणजे इतके रविवार ज्या कॅमेऱ्याने आमचं घर दाखवलं, त्याला कॉम्प्युटर ओळखत नव्हता. खाली त्याचं नाव लिहिलं होतं, 'अननोन डिव्हाइस'. मग त्याने अदबीने विचारलं, दोष शोधू का? मी हो म्हटलं. बराच वेळ शोधून त्याने कळवलं की दोष सापडला नाही. (आमच्या जुन्या डॉक्टरांचीही हीच पद्धत होती.)

इथे कोणाही शहाण्या माणसाने वायर काढून दुसऱ्या भोकात घातली असती. पण मी वाचणारा माणूस. मी मदतीचं पान उघडलं आणि पहिल्या ओळीपासून वाचायला लागलो. तेवढ्यात दापोडीहून आत्या आली.

आत्या म्हणजे बाबांची थोरली बहीण. तिने चपला काढल्या, हॉलमध्ये पाऊल टाकलं आणि जागच्या जागी थांबली.

"श्रीकांता! सोवळ्यात त्या यंत्राला हात?"

"आत्या, स्वच्छ आहे ते. मेधाने कालच पुसलंय."

"कशाने?"

"जुन्या बनियनने."

"चल. आंघोळ."

मी आंघोळ करून आलो. आता मी यंत्राला शिवायचं नाही, मी नुसतं सांगायचं आणि मेधाने हात चालवायचे, असं ठरलं. मेधाला कॉम्प्युटरचा राग नव्हता, पण स्वयंपाकघरात खिरीचं दूध चुलीवर होतं, त्यामुळे ती एका डोळ्याने पडदा आणि एका डोळ्याने दूध बघत होती. तिच्याच फोनवर अनूचा आवाज आला. तो फोन आम्ही स्पीकर लावून पुस्तकांच्या कपाटावर ठेवला.

"दादा, मी बसलेय. पडदा काळाच आहे."

"पाच मिनिटं!"

याच सुमाराला वरच्या मजल्यावरचा गणेश नाइट शिफ्ट करून जिना चढत होता. तो चाकणला एका कारखान्यात रोबो सांभाळतो. दार उघडं बघून त्याने डोकं आत घातलं. मूळचा मावळातला, मनाने उदार. विचारायच्या आत मदत करणारा.

"काय झालं सर?"

मी सांगितलं. त्याने लाल डोळ्यांनी पडद्याकडे पाहिलं.

"टेन्शन घेऊ नका राव. ड्रायव्हर सडलाय. उडवा."

"उडवू?"

"उडवाच! आमच्या लाइनवर रोबो रुसला की आमी पयलं सगळं उडवतो, मग नव्यानं भरतो."

"आणि नव्याने भरलेलं चालतं?"

"ते दुसऱ्या शिफ्टवाले बघत्यात," गणेश म्हणाला, जांभई दिली आणि वर जाऊन फोन बंद करून झोपला.

मी मेधाला कॅमेऱ्याचा ड्रायव्हर काढायला लावला. कॉम्प्युटरने विचारलं, खरंच काढू? मेधाने माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, काढ. नवा काही आला नाही. पाटी मात्र तशीच, 'अननोन डिव्हाइस'. मग मला यादीत त्याच जातीची आणखी नावं दिसायला लागली. मूळच कुजलं असेल तर फांद्या ठेवून काय करायचं, असा एक विचार मला सुचला. (असे विचार मला पुस्तकांमुळे सुचतात. पुस्तकांनी माझं बरंच नुकसान केलं आहे.)

"अहो, ह्यात आवाजाचा पण आहे."

"काढ."

कॉम्प्युटर मुका झाला. आणि गुरुजी आले.

गुरुजी घाईत होते. त्यांना तिथून आकुर्डीला दुसऱ्या श्राद्धाला जायचं होतं. त्यांनी पाट मांडले, दर्भ, तीळ, ताम्हन लावलं, माझ्या बोटात दर्भाचं पवित्रक घातलं आणि सुरूही केलं.

"गुरुजी, जरा पाच मिनिटं थांबलात तर... बहीण जर्मनीहून बघणार आहे."

"श्रीकांतराव, पितर थांबतील. आकुर्डीचे यजमान थांबणार नाहीत."

कपाटावरून अनू म्हणाली, "दादा, मेधा वहिनीचा फोनच वळव ना इकडे. व्हिडिओ लाव. मला चालेल."

"अगं झालंच आहे. पाच मिनिटं!"

ती म्हणाली, चालेल. हे तिने स्वतःहून म्हटलं होतं. फोन हातभर अंतरावर होता. पण मला तिला चालेलसं द्यायचं नव्हतं, रविवारसारखं द्यायचं होतं. शिवाय आत्या बघत होती, आई बघत होती, आणि कॉम्प्युटरमधलं मला कळतं!

त्यानंतरचा कारभार असा. पाटावर मी, समोर गुरुजी, पाठीमागे टेबलाशी मेधा. गुरुजी सांगतील ते मी करायचं, मी सांगेन ते मेधाने. गुरुजी म्हणाले, अपसव्य. मी जानवं उजव्या खांद्यावर घेतलं. ते समजावून म्हणाले, "उजवीकडे." मागून मेधाने उजवीकडे क्लिक केलं आणि काहीतरी नवीनच यादी उघडली.

"अहो, हा नेटवर्क म्हणून आहे. हा पण काढायचा?"

त्याच क्षणी गुरुजींनी मला विचारलं, "दक्षिणेकडे तोंड केलंत ना?"

"हो," मी म्हणालो.

मेधा आज्ञाधारक नाही. लग्नाला इतकी वर्षं झाली, माझं एकही वाक्य तिने पहिल्या फटक्यात ऐकलेलं मला आठवत नाही. तेवढं ते 'हो' तिने ऐकलं.

इंटरनेट गेलं. आता कॉम्प्युटर आंधळा, मुका आणि एकटा होता. पडद्यावर त्याने लिहिलं, कृपया इंटरनेटवरून नवा ड्रायव्हर उतरवून घ्या. इंटरनेटला जोडायला गेलो तर म्हणाला, त्यासाठीचा ड्रायव्हर नाही, कृपया इंटरनेटवरून उतरवून घ्या. मी हे वाचायला पाटावरून उठलो, अभावितपणे टेबलावर हात टेकला.

"आंघोळ!" आत्या म्हणाली.

मार्गशीर्षातली सकाळ. गिझरमधलं पाणी मागच्या आंघोळीलाच संपलं होतं. बाथरूममधून मी अनूचा आवाज ऐकत होतो. ती आईला विचारत होती, "आई, आता काय चाललंय गं?" आणि आई कपाटाकडे तोंड करून सांगत होती, "पानं मांडलीत. तुझ्या वडलांना आवडायची तशी अळूची भाजी केलीय. श्री आंघोळीला गेलाय." थोडं थांबून, "परत."

कुडकुडत पाटावर येऊन बसलो. पण कान मागे, डोळे मागे. मेधाने कुठलासा जुना ड्रायव्हर कॉम्प्युटरच्याच पोटात शोधून काढला होता आणि पडद्यावर एक हिरवी पट्टी मुंगीच्या पावलाने सरकत होती. गुरुजींनी हातावर पाणी घातलं.

"वडिलांचं नाव घ्या."

मी घेतलं. पट्टी थांबली. पुन्हा तीच पाटी.

"गोत्र?"

"अननोन," मी म्हणालो.

गुरुजींनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. वर्षानुवर्षांचा अनुभव असलेला माणूस, गडबडले नाहीत.

"गोत्र माहीत नसेल तर काश्यप म्हणतात," ते शांतपणे म्हणाले.

"माहीत नसेल?" आत्या कडाडली. "वासिष्ठ! वासिष्ठ आहे आपलं! अरे, स्वतःच्या बापाला कोणाच्या गोत्रात घालतोयस?"

कपाटावर अनू हसली. खूप हसली. मलाही हसू फुटलं आणि क्षणभर सगळं रविवारसारखं वाटलं. मग तिचं हसणं थांबलं, आणि ती हळूच म्हणाली, "दादा, आता पिंड ना? फोन लाव रे."

"हे बघ, पट्टी सरकतेय! पाच मिनिटं!"

पिंडांवर तिलांजली द्यायची ती अंगठा आणि तर्जनीच्या मधून, सावकाश, मन लावून. मी दिली ती मान वळवून. पाणी पिंडांच्या ताम्हनात पडायच्या ऐवजी चटईवर गेलं. गुरुजींनी ताम्हन सरकवून माझ्या हाताखाली आणलं, आणि उरलेलं पाणी त्यात पडलं. बाबांना वर्षाचं पाणी दिलं तेव्हा मी एका हिरव्या पट्टीकडे बघत होतो, हे आता मला कधीही बदलता येणार नाही. आणि पट्टी तर पुरी झालीच नाही!

गुरुजी जेवले, विडा घेतला, आशीर्वाद देऊन आकुर्डीला गेले. आता सोवळं सुटलं होतं. आता कोणी अडवणारं नव्हतं. कॉम्प्युटरच्या खालच्या बाजूला त्याचा मॉडेल नंबर लिहिलेला असतो, असं मदतीच्या पानावर होतं. तो मिळाला तर गणेशला उठवून काहीतरी करता आलं असतं. मी तो डबा दोन्ही हातांनी उचलला आणि उलटा केला.

त्यातून तांदूळ पडले.

लाल तांदूळ, कुंकवाचे. थोडे टेबलावर, थोडे माझ्या पायांवर, काही घरंगळत बाबांच्या फोटोसमोरच्या पाटापर्यंत गेले.

"श्राद्धाच्या दिवशी लाल अक्षता?" आत्या उठून उभी राहिली. "कोणी आणल्या?"

आई खाली वाकली. तिने दोन बोटांनी एक दाणा उचलला.

"ह्यांच्या आहेत."

मग माझ्या लक्षात आलं. खंडेनवमी. कारखान्यात बाबा त्या दिवशी लेथपासून पान्यापर्यंत सगळ्यांना हळदकुंकू वाहायचे, नारळ फोडायचे. घरी आल्यावर पक्कड, स्कूटर, आईचा मिक्सर, आणि गेली काही वर्षं कॉम्प्युटर. यंदा वर्षाच्या दुखवट्यात सण नव्हता, पूजा नव्हती. म्हणजे ही गेल्या वर्षीची. त्यांची शेवटची.

"मी तेव्हाच म्हटलं होतं," आई दाणे वेचत म्हणाली, "फूल वाहा, अक्षता नको, आत जातील. तर म्हणाले, कुसुम, यंत्राला कोरडी पूजा चालत नाही. मी म्हटलं, लेथवरच्या अक्षता ब्रशने झाडता येतात, ह्याच्या आत ब्रश कुठे जातो? तर मुठीने टाकल्या मुद्दाम. मला दाखवायला."

आत्याला हसू आलं आणि त्या हसण्यातच तिने पदर डोळ्यांना लावला. "असाच होता. लहानपणी सायकलच्या साखळीला मोदक दाखवला होता त्याने."

मी समोरच्या भोकात डोकावलो. आत एक दाणा होता. त्याला मी सकाळी कॅमेऱ्याच्या टोकाने ठेचून घट्ट बसवला होता. सुई सापडेना, तेव्हा मी गुरुजींच्या मागे राहिलेल्या दर्भाच्या काडीने तो उकरून काढला. (आत्याने हे पाहिलं, पण आता तिच्यातही आंघोळ सांगायची ताकद उरली नव्हती.) मग वायर मागच्या भोकात घातली, जिथे ती कायम असायची. कॉम्प्युटरने तत्परतेने कॅमेरा ओळखला! त्याचं नाव, कंपनी, सगळं लिहिलं. आणि खाली : ड्रायव्हर सापडला नाही. इंटरनेटवरून उतरवून घ्या.

तर हिशोब असा होता. कॅमेरा शाबूत होता. वायर शाबूत होती. ड्रायव्हरही मी काढायला लावेपर्यंत अगदी शाबूत होता. बाबांच्या त्या यंत्रात बिघडलेलं असं सकाळी काहीच नव्हतं, फक्त एक तांदूळ होता.

"अनू," मी कपाटाकडे वळून म्हणालो, "सापडलं गं! काय होतं माहितेय?"

उत्तर आलं नाही. मेधाने फोन उचलून पाहिला. फोन कधीचा बंद झाला होता, म्हणजे तिकडून ठेवला होता. पिंडांच्या आधी की नंतर, हे आमच्यापैकी कोणालाच सांगता येईना.

आम्ही जेवलो. अळूची भाजी चांगली झाली होती असं सगळे म्हणाले. हात धुऊन मी मेधाचा फोन घेतला आणि अनूला व्हिडिओ लावला. लगेच लागला. इतका लगेच, की मला सकाळपासूनच्या सगळ्या पाच मिनिटांची लाज वाटली.

ती अजून तिथेच बसली होती. आईने दिलेली साडी नेसून, केस बांधून. तिच्यामागे खिडकीत तिकडचा राखाडी उजेड होता. बाजूला स्टुलावर बाबांचा फोटो, समोर निरांजन, आणि एका वाटीत तीळ. तीळ तिने कुठून मिळवले देव जाणे. इथे आम्ही अर्पण करू तेव्हा तिथे तीही करणार होती. हे तिने मला सांगितलं नव्हतं. मी विचारलं नव्हतं.

"झालं सगळं?" तिने विचारलं.

"झालं."

"नीट झालं?"

मागून आत्या म्हणाली, "गोत्र सोडलं तर नीट झालं."

अनू थोडी हसली. मी तिला अक्षतांचं सांगितलं. दाण्याचं, आईच्या भांडणाचं, मुठीने टाकलेल्या पूजेचं. ती ऐकत होती. तिने डोळे पुसले नाहीत, नुसते मिटून घेतले. मग म्हणाली, "दादा, फोन बाबांच्या पडद्याला टेकवून ठेवतोस? कॅमेऱ्याच्या जागी?"

मी ठेवला. तो घसरला. मी त्याच्यापाठी जाड शब्दकोश लावला. मग तो फारच वर बघायला लागला. मी वाकून कोन साधू लागलो, इकडून बोट, तिकडून बोट, तोंड अगदी जवळ नेऊन. "आता दिसतंय? देवघर दिसतंय? आणि आता? थांब, एक मिनिट, उजेड नीट येत नाहीये... आई दिसतेय का? आत्ता बघ!"

"दादा."

"हां, आत्ता?"

"दिसेल रे सगळं. तू मधून सरक."

मी सरकलो. सकाळपासून एवढंच करायचं होतं.